दिपमालाने दिलेली घटका

मी घटकेची वाटी बोलतेय. तांब्याची, ओंजळीत मावेल एवढी, बुडाला सुईच्या टोकाएवढं भोक असलेली. पूर्वी लग्नाचा मुहूर्त गाठायला जोशीबुवा अशा वाट्या वापरायचे. घंगाळात पाणी भरायचं, त्यावर वाटी तरंगत ठेवायची. भोकातून पाणी हळूहळू आत येतं, वाटी भरते आणि बुडते. बुडाली की एक घटका झाली.

धुळ्याच्या एका तांबटाने मला घडवलं. एवढुशा वाटीला एवढी मेहनत कशाला, असं तो सारखा पुटपुटत होता. कुठल्यातरी जोशाच्या घरी जाईन असं त्याला वाटलं असावं. पण मला नेलं काळशाळेच्या पहिल्या गुरुजींनी, आणि तिथे मी अनेक पिढ्या राहिले.

काळशाळा चोपड्याच्या वरच्या अंगाला होती. केळीच्या बागांमधून कच्चा रस्ता जायचा, पुढे सातपुडा. जादूची शाळा म्हटल्यावर तुमच्या डोळ्यांसमोर भलतंच काही येईल. इथे शेणाने सारवलेल्या चार खोल्या होत्या, एक लिंबाचं झाड होतं, स्वयंपाकाला पत्र्याची शेड होती. वैशाखात पत्रे असे तापायचे की मुलं डोक्यावर ओला पंचा घेऊन बसायची. विद्या मात्र खरी होती. तिथे दोनच विषय शिकवत. एक नोंद, दुसरा फेर.

नोंद म्हणजे वेळ धरून ठेवणं. मी पाण्यावर तरंगत असताना माणसाने घंगाळात बोट बुडवून बसायचं आणि मुरलेल्या माणसाने मंत्र म्हणायचा. मग त्या घटकेत आजूबाजूला जे घडेल ते माझ्यातल्या पाण्यात उतरतं. ते पाणी बोळक्यात ओतून तोंड मेणाने बंद करायचं. पुढे कधीही मेण काढून आत डोकावलं की ती घटका जशीच्या तशी दिसते, ऐकू येते. लांबून लांबून लोक यायचे. जामनेरचा एक बैलांचा व्यापारी सौदा ठरताना मला मध्ये ठेवायचा, मागाहून कुणी शब्द फिरवू नये म्हणून. मुक्ताईनगरकडची एक म्हातारी आजारी नवऱ्याला रिक्षात घालून घेऊन आली. तो लिंबाखाली झोपला आणि तिने त्याचं घोरणं नोंदवून घेतलं. तो गेल्यावर झोप कशी लागणार, असं ती म्हणाली.

फेर म्हणजे घडून गेलेली घटका बदलणं. त्याला मला उपडी करून पाण्यात दाबावं लागतं. पण ते फुकट होत नाही. एक घटका बदलायची, तर आपली जगलेली एक घटका द्यावी लागते. दिलेली घटका त्या माणसाच्या आयुष्यातून मुळासकट जाते, आणि तिच्यावर जे जे उभं असेल तेही जातं. ती कुणालाच आठवत नाही, देणाऱ्यालाही नाही, फेर घेणाऱ्या गुरुजींनाही नाही. ती फक्त माझ्या पोटात राहते. मी आहे तोवर फेर टिकतो. मला कुणी मोडलं, वितळवलं, तर सगळ्या घटका आपापल्या जागी परत जातात. दिलेली ज्याची त्याला मिळते, बदललेली होती तशी होते.

यामुळे एक विचित्र गोष्ट झाली. फेर झाला की झाल्याचंच कुणाला आठवायचं नाही. त्यामुळे आजवर फेर घेतलेला एकही माणूस शाळेला दाखवता आला नाही. मी सांगतेय त्या काळी शाळा भाईदास गुरुजींकडे होती. ते फेर शिकवत, तेही नुसत्या श्रद्धेवर. त्यांनी स्वतःच्या हाताने फेर घेतले होते, हे त्यांना माहीत नव्हतं. मला माहीत होतं.

शाळा झाडायला यशोदाबाई यायची. तिचा नवरा छगन केळीचे घड गाडीत भरायच्या कामाला होता. दिपमाला ही त्यांची मुलगी, आईबरोबर यायची आणि अंगणातला पाला गोळा करायची. मुक्ताईनगरच्या म्हाताऱ्याचं घोरणं मी भरून घेत होते तेव्हा ती माझ्याजवळून गेली आणि हसायला लागली. गुरुजींनी विचारलं, काय झालं गं?

"पानीमा म्हतारा घोरी ऱ्हायना," ती म्हणाली.

गुरुजी चमकले. मी भरत असताना आत काय उतरतंय ते वर्षानुवर्षं शिकलेल्या मुलांनाही दिसत नाही. त्यांनी तिच्या हातातला केरसुणीचा बुडखा घेतला, भिंतीला टेकवून ठेवला आणि तिला माझ्यासमोर बसवलं. यशोदाबाई दारात पदराने तोंड झाकून उभी होती. तिला वाटलं, पोरीने काहीतरी सांडलं.

अशी दिपमाला शिकायला लागली. तिच्यासारखी विद्यार्थिनी मी पाहिली नाही. तिची बोटं पाण्यात असली की मला भरायची घाई नसायची. ती नोंद घ्यायची ती स्वच्छ असायची, तिच्यात आपलं काही मिसळायची नाही. मोठी झाल्यावर गुरुजींनी ठरवलं की आखाजी, म्हणजे अक्षय्य तृतीया, झाली की लहान मुलांचा वर्ग तिनेच घ्यायचा. यशोदाबाईने तिच्यासाठी जळगावहून निळं सुती पातळ आणलं. मास्तरीणबाईला असंच शोभतं, असं ती सगळ्यांना सांगत सुटली.

दिपमालाला एक धाकटा भाऊ होता, प्रेमराज. शाळेच्या अंगणात उनाडायचा, कैऱ्या पाडायचा. त्याला शाळेचं काही पडलेलं नव्हतं. दिपमाला त्याला ओरडायची आणि मग स्वतःच्या ताटातला शेवटचा घास त्यालाच द्यायची.

आखाजी तोंडावर आली होती. झाडांना झोके बांधले गेले होते. दुपारी प्रेमराज आणि त्याच्या बरोबरीची मुलं एका बागायतदाराच्या शेततळ्यात पोहायला गेली. तुम्ही ती शेततळी पाहिली असतील. आतून काळं प्लास्टिक अंथरलेलं असतं. उतरता येतं, चढता येत नाही. पाय घसरत राहतो. बाकीची मुलं काठावरच होती, ती पळत गावात आली. माणसं पोचेपर्यंत उशीर झाला होता.

त्याला आणून लिंबाखाली निजवलं. यशोदाबाई रडत नव्हती. ती त्याच्या टाचांना लागलेला चिखल पदराने पुसत होती, पुन्हा पुन्हा पुसत होती. दिपमाला आत आली. तिने मला फडताळातून काढलं, घंगाळ भरलं आणि गुरुजींना म्हणाली, फेर घ्या.

गुरुजींनी तिला समजावलं. काय द्यावं लागतं ते तिला माहीत आहे का, असं विचारलं. ती माझ्यासमोर बसली आणि एकेक घटका देऊ लागली. पोळ्याला बैल रंगवल्याची दिली. मुक्ताईच्या यात्रेत पाळण्यात बसल्याची दिली. पाणी हललं नाही. पाणी हलकी घटका घेत नाही. ज्या घटकेवर माणसाचं आयुष्य उभं असतं, तीच त्याला लागते. दिपमालाकडे अशी एकच घटका होती, आणि ती कोणती हे दोघांनाही कळत होतं.

गुरुजी म्हणाले, "ती दिलीस तर तू माझी विद्यार्थिनी राहणार नाहीस. कधीच नव्हतीस असं होईल. तू काय होतीस हे मलासुद्धा आठवणार नाही, पोरी."

तिने बाहेर पाहिलं. मग म्हणाली, "मन्हा भाऊ घर येवाले पाहिजे, गुरुजी. बठ्ठं दी टाकसू मी."

सगळं द्यायला ती तयार होती. त्यांनी मला उपडी केलं. मी बुडाले. म्हातारा घोरत असतानाची ती घटका माझ्या पोटात आली. तिच्या मागोमाग तिने शिकलेले मंत्र आले, तिने भरलेली बोळकी आली, निळं पातळ आलं. मला नको होतं. पण वाटीला नको म्हणता येत नाही.

मी वर आले तेव्हा लिंबाखाली कुणी नव्हतं. यशोदाबाई शेडजवळ तांदूळ निवडत होती. फाटकातून प्रेमराज लंगडत आला. शेततळ्याकडे जाताना वाटेतच त्याच्या चपलेचा अंगठा तुटला होता, तापलेल्या मातीत पाय भाजायला लागला म्हणून तो बाकीच्यांना सोडून परत फिरला होता. त्या मुलांनाही मग त्याच्याशिवाय जाण्यात गंमत वाटली नाही.

दिपमाला अंगणात झाडत होती. अंगावर विटकं पातळ होतं. तिने तुटकी चप्पल पाहिली आणि त्याच्या पाठीत एक धपाटा घातला.

"आते नवी कोन दी तुले?" ती म्हणाली.

तिच्या बोटांवरचं पाणी अजून वाळलं नव्हतं. तिने ते पदराला पुसलं आणि पुन्हा झाडायला लागली.

गुरुजी वर्गात बसले होते. मुलांकडे पाहून ते म्हणाले, आज कुणीतरी कमी आहे असं का वाटतंय? मुलांनी एकमेकांकडे पाहिलं, सगळे हजर होते. गुरुजींची नजर दारात उभ्या असलेल्या प्रेमराजवर गेली. त्यांनी त्याला आत बोलावलं आणि दिपमालाच्या रिकाम्या जागेवर बसवलं.

काही दिवसांनी दिपमालाने झाडता झाडता विचारलं, गुरुजी, मीही बसू का? त्यांनी मायेने सांगितलं की या वयात पाटी धरण्यापेक्षा तुझं आता लग्नाचं बघायला हवं. ते वाईट माणूस नव्हते. म्हणूनच त्यांचं ते बोलणं माझ्या जास्त लक्षात राहिलं.

तिला जामनेरकडे दिली. मूल होईना म्हणून तिकडच्यांनी दुसरी केली आणि ही परत आली. छगन तोवर गेला होता. गुरुजींनी तिला शाळेच्या स्वयंपाकाला ठेवलं. ती ज्वारी-उडदाच्या कळण्याच्या भाकरी थापायची, मुलांना वाढायची. वर्गात मंत्र चालू असले की तिचा हात काही वेळ थांबायचा. मग चुलीतला धूर डोळ्यांत गेल्यासारखं करून ती भाकरी उलटायची. तिला स्वतःला वाटायचं, आपण ढ होतो, म्हणून आपल्या वाट्याला हे आलं. तिने हे एकदा आईला बोलूनही दाखवलं. मी फडताळात होते.

प्रेमराज शिकला. मन लावून शिकला, हे मी नाकारत नाही. त्याची नोंद चांगली असायची. गुरुजी गेल्यावर शाळा त्याच्याकडे आली. त्याने शाळेला अकादमी केलं, शेणाची जमीन काढून फरशी बसवली, फाटकाला रंगीत कमान केली. फेर शिकवणं बंद केलं. आजवर फेर घेतलेला एक माणूस मला दाखवा, असं तो म्हणायचा. शेडमध्ये त्याची बहीण कांदा चिरत असायची.

मग लोकांच्या लग्नांत मला फिरवणं सुरू झालं. मखमली पेटीत घालून तो मला जळगाव, धुळे, भुसावळच्या लॉनवर न्यायचा. एकेकाळी मी शब्द धरून ठेवायचे. आता मी वरातीतला नाच, फटाके आणि व्याह्यांच्या मानपानाची भांडणं भरून घेऊ लागले. लोक बोळकं घरी नेत, शोकेसमध्ये ठेवत. कुणी मेण काढून आत पाहिलं असेल असं मला वाटत नाही.

एकदा जळगावहून काही मोठी माणसं अकादमी पाहायला आली. प्रेमराज शुद्ध मराठीत बोलत होता. आमच्या घरात माझ्याआधी कुणी अक्षर गिरवलं नव्हतं, असं त्याने सांगितलं आणि पाहुणे कौतुकाने मान हलवू लागले. तेवढ्यात दिपमाला चहा घेऊन आली. एका पाहुण्याने सहज विचारलं, या कोण?

"या आमच्या स्वयंपाकाच्या बाई," प्रेमराज म्हणाला.

दिपमालाने कप ठेवले. एकही कप वाजला नाही. त्या दिवसापासून ती त्याला प्रेमराज म्हणेनाशी झाली. त्याला सर म्हणू लागली, घरीसुद्धा. सुरुवातीला त्याला ते टोचलं असावं. एकदोनदा तो 'अक्का, असं काय करतेस' म्हणाला. नंतर त्याला सवय झाली.

यशोदाबाई अंथरुणाला खिळली तेव्हाची गोष्ट. तिचा आवाज बसत चालला होता. दिपमाला अकादमीच्या ऑफिसात गेली आणि दारातच उभी राहिली. आपल्यासाठी तिने कधी काही मागितलं नव्हतं.

"सर, मायनी एक घटका ठी ल्या," ती म्हणाली. "ती बोलस तशी. दुसरं काहीच नको."

प्रेमराजने समोरच्या कॅलेंडरवर बोट फिरवलं. लग्नसराई होती, वाटी रोज बाहेर होती. पुढच्या आठवड्यात नक्की बघू, असं तो म्हणाला. तो खोटं बोलत नव्हता. त्याला खरंच वाटत होतं की पुढचा आठवडा येईल.

यशोदाबाई गेली तेव्हा मी धुळ्याच्या एका लॉनवर नवरदेवाचा डीजे भरून घेत होते. प्रेमराज माझ्या शेजारी उभा होता, फोन खिशात थरथरत होता, गाण्याच्या दणक्यात त्याला कळलं नाही. परत आल्यावर तो अंगणात मटकन खाली बसला आणि लहान मुलासारखा रडला. दिपमालाने त्याचं डोकं मांडीवर घेतलं. शेवटी मायने कुणाचं नाव घेतलं, असं त्याने विचारलं.

"तुन्हं," ती म्हणाली.

खरं काय होतं मला माहीत नाही. मी तिथे नव्हते, आणि ती घटका कुणी धरून ठेवली नाही.

प्रेमराज वाईट माणूस असता तर मला सोपं गेलं असतं. तो वाईट नाही. तो नुसता जिवंत आहे, आणि जिवंत असणं ही आपलीच कमाई आहे असं त्याला वाटतं.

यंदा त्याने चांदीचा मुलामा दिलेली नवी वाटी करून आणली. माझ्या कडा आता चेपल्या आहेत, फोटोत मी चांगली दिसत नाही. अकादमीच्या दारात मोठी घंटा बसवायची होती. तिच्यासाठी जुनं तांबं-पितळ गोळा करून चोपड्याला ओतायला पाठवायचं ठरलं. पोत्यात गळके तांबे होते, जुनी समई होती, घंगाळ होतं. प्रेमराजने स्वतःच्या हाताने मला त्यात टाकलं. वाटी वितळली तर काय होतं, हे त्याला भाईदास गुरुजींनी शिकवलं होतं. पण जे कधी घडलंच नाही असं त्याला वाटत होतं, त्याची भीती त्याला का वाटावी?

आणि मी? मला वाटलं, होऊ दे. पोत्यात पडल्यापडल्या माझ्या मनात हाच विचार होता. भट्टीत मी पाणी होईन, तिची घटका तिला परत मिळेल. ती निळं पातळ नेसून वर्गात उभी राहील. आणि याला त्याचं काळं प्लास्टिक परत मिळेल. न्याय म्हणतात तो हाच असावा. मला त्याची दया आली नाही. या घरातली एवढी वर्षं पोटात बाळगून माझं पाणी कडू झालं होतं.

पोतं टेंपोत चढवताना दिपमाला हात पुसत शेडमधून आली. तिने पोत्यात हात घातला आणि मला बाहेर काढलं. ही मला द्या सर, असं ती म्हणाली. प्रेमराजला हसू आलं. भोक पडलेल्या वाटीचं काय करणार, असं त्याने विचारलं. ती म्हणाली की माय हिला चिंच लावून घासायची, आपल्या घरात मायच्या हातचं दुसरं काही उरलेलं नाही.

त्याने पोत्याचं तोंड बांधलं. मग टेंपोवाल्याला म्हणाला, चल, जाऊ दे ती एक.

अशा रीतीने तिने त्याला दुसऱ्यांदा वाचवलं. तिला कळलं नाही, त्याला कळलं नाही. टेंपो धूळ उडवत गेला आणि तो फोनवर बोलत आत गेला.

पुढच्या बाजाराला तिने मला चोपड्याला नेलं आणि एका झाळणाऱ्याकडून माझं भोक बुजवून घेतलं. राखाडी कथलाचा एक थेंब तिथे बसला आहे. आता मला नवी घटका घेता येत नाही आणि पोटातलीही बाहेर येत नाही. त्यानंतर काही महिन्यांनी अकादमीत जेवणाचं काम बाहेरच्या लोकांना दिलं गेलं. दिपमाला आता केळी भरायच्या कामाला जाते, जिथे तिचा बाप जायचा. संध्याकाळी परत आली की डब्यातून दादर ज्वारीचं पीठ माझ्याने मापून काढते. एकटीला एक वाटी पुरते. कधी भाऊ येईल म्हणून ती जास्तीचं अर्धं घेते, आणि तो आला नाही की परत डब्यात टाकते.

मला आता काही मागायचं नाही. मी जुनी झाले आहे, आणि पिठाचं माप होण्यात कमीपणा नाही. तुमच्याकडे एवढंच मागणं आहे. कधी त्या बाजूला गेलात, केळीच्या गाडीपाशी डोक्याला फडकं बांधलेली ती बाई दिसली, तर तिला यातलं काही सांगू नका.

ती रडेल अशी भीती मला नाही. ती शांतपणे सगळं ऐकून घेईल. मग म्हणेल, "मन्हा भाऊ जित्ता शे ना? मंग झायं." आणि पीठ मळायला घेईल.

ते मला ऐकवणार नाही.